टोफूचं धोंडे-जेवण

घरचे कोष्ट्याचे माग बंद पडले तसं भागीरथानं अन् तिच्या नवऱ्यानं, चंद्रभाननं, हमरस्त्यावरच्या वाडीत ट्रकवाल्यांसाठी झणझणीत सावजी खानावळ टाकली. तेव्हापासून "मावशे, रस्सा आण वं!" ही आरोळी कानावर पडल्याबिगर तिले स्वतःचा घास गोड लागत नव्हता. आग्रह मात्र ती कोणाले करत नसे. "ज्याले पाह्यजे तो मांगन. पोट त्याचं, तोंड त्याचं. मी कायले मधात पडू?" हे तिचं शास्त्र.

अशा बाईच्या नशिबी जावई आला अनिश. शहरातल्या नंदनवनचा, बँकेतला, पोट्टा सोन्यासारखा. पण सासरी जेवाले बसला की पहिलं वाढलेलं पुसून खाणार, हात धुणार अन् "छान होतं हं, आई" म्हणून उठणार. दुसऱ्यांदा मांगणं नाही. ते 'छान' भागीरथाच्या काळजात बाभळीच्या काट्यावानी रुतून बसलं होतं.

अधिक महिना लागला. जावयाले धोंडे-जेवण घालणं आलं. भागीरथानं मनाशी गाठ मारली, औंदा हा पोट्टा 'वाढा' म्हणलाच पाह्यजे.

तेवढ्यात लेकीचा, हर्षाचा, फोन. "आई, त्याईनं दूध-तूप सोडलं. पोटाले झेपत नाही. मी व्हिडिओ पाठवून राहिली, ते कर. टोफू अन् फळं, भल्ल्या मोठ्या आचेवर परतायचं."

"टोफू काय असते वं?"

"सोयाबीनच्या दुधाचं पनीर."

"सोयाबीन कधीपासून दूध देऊन राहिली?" चंद्रभान बाजूनं वरडला. "अन् तिची धार काढते कोण?"

टोफू आला. भागीरथानं बोटानं दाबून पाह्यला, वास घेतला. ना वास, ना चव, ना राग, ना लोभ. "हे तं अगदी जावयावानीच आहे," ती म्हणाली, अन् दोघं नवराबायको ओट्यापुढं पोट धरून हासले.

जेवणाच्या दिवशी तिनं टोफू पाट्याखाली दाबून पाणी काढलं, वड्या पाडल्या. अननस चिरला, पाडाचा आंबा चिरला, ढोबळी मिरची, कांदा. खानावळीची मोठी भट्टी पेटवली अन् कढई लालबुंद होऊ दिली. आलं-लसूण पडलं तशी कढई चर्रकन वरडली. अननस नाचाले लागला, आंबा उड्या माराले लागला, अन् भागीरथाच्या अंगात पोरीसारखं वारं शिरलं. झारा गरगर फिरून राहिला होता. पण वड्या पाहून तिच्या हाताले वाटलं, ही रश्श्यातली बेसनाची पाटोडीच. जल्मभर पाटोडी केलेला हात तो. त्यानं डोक्याले न विचारता मसाल्याचा डबा उघडला अन् दोन मुठी सावजी मसाला कढईत टाकला.

"माय वं!" कढईत लाल तर्री चढली तेव्हा ती भानावर आली.

दारात गाडी थांबली होती. दुसरा टोफू घरात नव्हता. उरलासुरला आंबा अन् अननस तिनं कढईत ओतला अन् देवाचं नाव घेतलं.

हर्षा-अनिश पाटावर बसले. दिवा ओवाळला. अनिशनं पहिला घास घेतला. त्याचे कान लाल झाले. डोळ्यांतून धार, नाकातून धार. झारा धरून भागीरथा जागच्या जागी थिजली. मग त्याच्या दाताखाली अननसाची फोड आली, अन् चेहऱ्यावर सुख पसरलं. पुन्हा टोफू, पुन्हा आग. पुन्हा आंबा, पुन्हा सुख. फुंकर मारत, सुस्कारे सोडत त्यानं ताट चाटूनपुसून साफ केलं.

"पाणी देऊ?" हर्षानं इचारलं.

अनिशनं मान हलवली अन् जिभेले लगाम राहिलाच नाही. "आई, वाढा! अननस जास्त घाला, पण वाढा!"

"काय म्हणले?"

"वाढा म्हणतोय मी!"

चंद्रभाननं ताटावर चमचा वाजवला. भागीरथा हासू का रडू करत धावली. तिसऱ्या वाढणीले जावयाचं तोंड आणखी सैल झालं. "खरं सांगू आई? आमच्याकडे पाहुण्याने तीनदा नाही म्हटल्याशिवाय घ्यायचं नसतं. तुम्ही कधी विचारलंच नाहीत. मी दर वेळी परतताना चौकात समोसे खातो."

"तरीच!" हर्षा उसळली. "मले रसवंतीत बसवून 'चाकात हवा भरून येतो' म्हणत होते हे!"

"म्हणजे माह्या दारातून जावई उपाशी जाऊन राहिला होता?" भागीरथानं कपाळाले हात लावला. सगळे हासत होते, अनिश तर ठसका लागून हासत होता. मग तिनं पदर खोचला अन् जल्मात पहिल्यांदा कोणाले आग्रह केला. "घ्या ना जावाईबापू. थोडसंक."

"नको, नको," अनिश सवयीनं म्हणला.

"हे एक झालं," हर्षा म्हणली. "आणखी दोनदा इचार, आई."

भागीरथानं कढईच ताटात उलटी केली. "राह्यलेले दोन 'नको' घरी जाऊन म्हणा."