खांडीवरचं शूटिंग

रोह्याच्या कंपनीत जर्मन मशिनं आली तेव्हा त्यांची माहितीपुस्तकं वाचता यावीत म्हणून मी जर्मन शिकले. तेवढ्या पुण्याईवर एका जर्मन दिग्दर्शकाची दुभाषी झाले. साहेब सिनेमे स्वतःच लिहीत, स्वतःच दिग्दर्शित करत आणि बहुधा स्वतःच बघत. पहिल्या सिनेमात एक माणूस दीड तास खिडकीतून बाहेर बघतो. दुसऱ्यात दुसरा माणूस बाहेरून त्याच खिडकीत बघतो. तिसरा तर निर्मात्यानेही पुरता पाहिला नाही म्हणे. चौथा पडला की साहेब कायमचे बापाच्या बेकरीत. हे त्यांनी नागोठण्याला वडापाव खाताना सांगितलं. मला खरंच दया आली, आणि तिथेच घात झाला.

चौथ्याचा विषय होता समुद्र आणि माणूस. समुद्र खाडीवाटे आयताच आलेला होता. माणूस मी पुरवला. पेणच्या खारेपाटातली माझी मावशी. तिच्या शेताजवळ खाडीच्या बांधाला खांड पडली होती, आणि त्या भगदाडातून भरतीचं खारं पाणी भातात शिरत होतं.

आमच्याकडे बांधावर कॅमेरा घेऊन येतात ते फक्त पंचनाम्याचे लोक. त्यामुळे मावशी ठेवणीतलं लुगडं नेसून, सातबारा छातीशी धरून खांडीपाशी हजर. शेजारीपाजारीही आपापले उतारे घेऊन रांगेत. साहेब भारावले. ही माणसं जुनी पत्रं जपून ठेवतात का, असं त्यांनी मला विचारलं. मी म्हटलं, तसंच काहीसं.

मावशी कॅमेऱ्याकडे बघून म्हणाली, "सायेब, ही खांड बारा हात हाय. पावसाच्या आदी बुजवा, नायतर औंदा पन भात नाय."

मी जर्मनमध्ये सांगितलं, "समुद्र माझ्या शेतात येतो आणि माझ्याशी बोलत बसतो."

साहेबांचे डोळे भरून आले. त्यांनी तेच पुन्हा बोलायला लावलं. मावशीने पुन्हा मापं सांगितली, आणि तिसऱ्यांदा तर कमरेत वाकून हाताने मोजून दाखवली. हा पंचनामा नाही, हे मी तिला सांगायला हवं होतं. नाही सांगितलं. ती तरातरा घरी गेली असती आणि साहेब थेट बेकरीत.

सिनेमा गाजला, बक्षीस मिळालं, माझं वाक्य पोस्टरवर चढलं. साहेबांच्या हातात पुढचे दोन सिनेमे आले. या बाईने मला ऐकायला शिकवलं, असं ते मुलाखतींतून सांगत सुटले. एक अक्षरही न समजता ऐकणं हीसुद्धा कलाच म्हणायची.

त्यांनी पाठवलेली फिल्म मी मावशीला रोह्याशेजारच्या अष्टमी गावात माझ्या घरी बोलावून टीव्हीवर दाखवली. पडद्यावर ती मराठीत बोलत होती आणि खाली माझं जर्मन काव्य उमटत होतं. ते तिला वाचता येत नव्हतं, म्हणून मी सुटले. तिने मान डोलावली. "बराबर सांगितलंय मी. बारा हात."

मग जरा काळजीने माझ्याकडे वळली. "पन आता वीस हात झालीय गो. सायबाला कलव. नायतर त्याच्या कागदावर जुनंच माप जाईल."

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. साहेबांना लिहायला मी मोबाईल काढला. खांडीला जर्मनमध्ये काय म्हणतात, ते मी तेव्हा पहिल्यांदा शोधलं.