निरंक शाखेचे काका

दप्तरखान्यातल्या काकांच्या हातात मेमो पडला, तेव्हा निवृत्तीला एकोणीस दिवस उरले होते. 'आपल्या विभागात अनागोंदी कारभार आढळला. पाच वाजेपर्यंत लेखी खुलासा करावा.' छत्तीस वर्षं सेवापुस्तकाला डाग लागू दिला नव्हता. आता गलबत काठाशी येऊन बुडायला निघालं. नव्या साहेबांना काय दिसलं? खुर्च्यांवरचे गठ्ठे. कपाटं भरली की माणूस ठेवणार कुठे, डोक्यावर?

मधल्या सुट्टीत काकांनी धाकट्या बहिणीला फोन लावला. ती शाळेत भाषा शिकवायची आणि विचारल्यापेक्षा दुप्पट सांगायची.

"अनागोंदी म्हणजे नक्की काय गं?"

"एका जुन्या राजधानीच्या गावावरून हा शब्द आलाय म्हणतात. राज्य बुडालं, मुलूख गेला, पण गादीवरचे वंशज कागदावर राज्य हाकतच राहिले. हातात नसलेल्या गावांच्या सनदा द्यायचे! का रे दादा, कुणाला म्हणालास?"

"मला म्हणालेत."

"मग बरोबरच आहे की!" ती खिदळली. काका हसले नाहीत. हसायलाही अंगात त्राण लागतं.

पण शब्द डोक्यात बसला. त्यांनी कपाटाच्या तळातून एक गठ्ठा ओढला. नदीपलीकडची शाखा बंद होऊन अकरा वर्षं झाली होती, तरी वरचं कार्यालय तिचा मासिक अहवाल मागतच होतं. तो नसला की सगळ्यांचं काम अडायचं. म्हणून तेव्हाच्या साहेबांनी तोंडी सांगितलं आणि काका दरमहा शून्यासाठीचा सरकारी शब्द लिहू लागले: कर्मचारी निरंक, कामकाज निरंक, तक्रारी निरंक. खाली साहेबांची सही.

खुलाशात त्यांनी एकच ओळ लिहिली: 'अनागोंदी मान्य. पुरावे सोबत जोडले आहेत.'

साहेब गठ्ठा चाळत शेवटच्या सहा कागदांवर आले. त्यांवर त्यांचीच सही होती.

"काका, ही शाखा आहे कुठे?"

"नाही, साहेब."

"मग मी सही कशावर केली?"

"निरंकवर."

साहेबांनी चष्मा पुसला, पुन्हा पुसला. मग मेमो फाडून टोपलीत टाकला. "हे वर कळवायचं म्हणजे सगळ्यांच्याच गळ्याशी येणार. या महिन्याचा तेवढा पाठवून द्या. तुम्ही गेल्यावर बघू."

सेवापुस्तक वाचलं. काका जागेवर आले, पण खुर्चीवरचे गठ्ठे उचलायचा कंटाळा आला. उभ्या उभ्याच कोरा नमुना काढला. कर्मचारी निरंक. कामकाज निरंक. तक्रारींच्या रकान्याशी पेन जरा वेळ अडलं.

निरंक, त्यांनी लिहिलं.