दिवसा न सांगायची गोष्ट

नेकनूरच्या माळावर साठ-सत्तर मेंढरं राखणारा नाथा चौथीतच शाळेला रामराम ठोकून बसलेला. पण त्याच्या डोक्यात एक अख्खा मुलूख वसला होता. काळदरी त्याचं नाव. तिथं ना तलाठी ना पोलीस पाटील, सगळा कारभार नावविद्येचा. विद्या फार जुनी आणि लई वंगाळ. प्रत्येक वस्तूला एक खरं नाव असतं, ते घेतलं की वस्तू मुकाट हुकूम ऐकते. पण फुकट काही नाही. विस्तवाचं नाव घेणाऱ्याच्या हातातली ऊब जाते, पावसाला हाक मारणाऱ्याला पुन्हा कधी रडू येत नाही. गेलेलं परत मिळत नाही, हात जोडा नाहीतर डोकं आपटा.

हा सगळा पसारा एका भाचीसाठी मांडलेला. बहीण बबिताची धनश्री, नऊ वर्षांची, तोंडानं मिरची. बाप लखन ट्रकवर, महिनामहिना बाहेर. दिवेलागणीला मेंढरं कोंडली की नाथा बहिणीच्या ओट्यावर टेकायचा आणि काळदरी सुरू व्हायची. उद्या काय घडणार हे त्यालाही माहीत नसायचं. लग्न जमलं नाही, त्याची खंतही या पोरीपायी उरली नव्हती.

नियम एकच. दिवसा गोष्ट सांगायची नाही. दिवसा गोष्ट सांगितली की मामा वाट चुकतो, हे आपल्याकडं शेंबड्या पोरालाही ठाऊक. इथं तर सांगणाराच मामा! मागच्या साली धनश्रीनं हट्टानं भर दुपारी अर्धी गोष्ट काढून घेतली. त्याच दिवशी एका चुकार मेंढीमागं नाथा डोंगरात भरकटला आणि उजाडल्यावर घरी आला. योगायोग म्हणा नाहीतर काही म्हणा, पोरीनं कानाला खडा लावला.

परवा तिच्या पोटात दुखायला लागलं. बबितानं दिवसभर ओवा चारला, हिंग लावला, नाभी सरकली म्हणून पोट चोळूनही घेतलं. आता तिला बोलून काय उपयोग, सगळ्याच आया हेच करतात. दुसऱ्या दिवशी सकाळी पोर वाकडी झाली तेव्हा नाथानं मेंढरं शेजारच्या सिदूच्या हवाली केली आणि तिघं बीडला दवाखान्यात आले. अपेंडिक्स. सुजलंय, फुटलं तर जिवावर बेतेल, डॉक्टरनं स्पष्ट सांगितलं. बबितानं ऑपरेशनच्या कागदावर सही केली.

अन् सुई बघून धनश्रीनं खाटेचा दांडा धरला तो सोडेचना. नर्सला लाथ मारली, आईला चावली. डॉक्टर म्हणाले, हिनं अशी झटापट केली तर आत फुटायचं, दहा मिनिटांत शांत करा.

नाथा तिच्या कानाशी वाकला. म्हणाला, काजळी कुठं अडकलीय आठवतंय का? तर काजळी म्हणजे त्यांच्या गोष्टीतली पोर. तिचा भाऊ शिळेच्या दारामागं कोंडलेला, आणि दाराचं नाव घेतलं तर आपलं काय जाईल हे तिला माहीत नाही. नाथा पुढं सांगणार तोच धनश्रीनं तापलेल्या हातानं त्याचं तोंड दाबलं.

"नको मामा, दिवस हाय. तू वाट चुकशील."

अरे देवा! पोटात विस्तव पेटलाय आणि पोरीला घोर कुणाचा, तर मामाचा. नाथाच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. त्याच्यासाठी जन्मात कुणी इतकं घाबरलं नव्हतं. ते सगळं खोटं असतं, असं सांगून मोकळं होता आलं असतं, पण मनातून तोही ते खरंच मानत होता.

"धनू, जो चालतो तो वाट चुकतो," तो म्हणाला. "मी भाईरच्या बाकड्यावर बसतो. तू येस्तोवर उठतच न्हाई. मग चुकीन कसा?"

"पाण्याला बी न्हाई?"

"न्हाई."

तिनं दांडा सोडला. नर्सनं गुंगीच्या सुईसाठी हात धरला, नाथानं गोष्ट धरली. काजळीनं दाराचं नाव घेतलं. शिळा सरकली, भाऊ बाहेर आला, आणि काजळीच्या डोक्यातून घरची वाट पार पुसली गेली. "मग ती घरी..." एवढं बोलून धनश्रीचे डोळे मिटले. स्ट्रेचरची गाडी आत गेली.

नाथा बाकड्यावर बसला तो बसलाच. सिदूचा फोन आला, दोन मेंढरं कुणाच्या तरी हरभऱ्यात शिरलीत, मालक शिव्या घालतोय, या. नाथा म्हणाला, घालू दे. फरशी पुसणारी बाई उठा म्हणाली, त्यानं नुसते पाय वर घेतले. दादा, डोकं फिरलंय का, निदान मोकळा तरी होऊन ये, असं बबितानं तीनदा विनवलं. एरवी बहिणीचा शब्द न मोडणारा हा माणूस खांबासारखा बसून राहिला. डॉक्टर येऊन सांगून गेले, वेळेवर झालं, पोर सुखरूप आहे. बबिता ढसाढसा रडली. नाथानं बसल्या जागीच हात जोडले, कारण पोर अजून बाहेर आली नव्हती.

दार उघडलं, गाडी आली. तो उठायला गेला तर पाय मुंग्यांनी बधिर, पुन्हा बाकड्यावर आदळला. धनश्रीचे अर्धे उघडे डोळे इकडं तिकडं फिरले आणि त्याच्यावर येऊन थांबले.

"मामा, काजळी... घरी कशी गेली?" ओठ कोरडे, आवाज जेमतेम.

याचं उत्तर नाथानं योजलेलंच नव्हतं. त्यानं तिच्या कपाळावर हात ठेवला.

"कावून न्हाई जाणार? तिचा मामा दाराशीच बसला व्हता की."