अंजनाच्या अंगणातले समेट

अंजना मेश्रामच्या अंगणातल्या पेरूला गल्लीत ‘पहिला समेट’ म्हणतात. न्हाणीच्या पाण्यावर वाढलेला आवळा हा दुसरा समेट, आणि कुंपणाला टेकलेलं सीताफळ हा तिसरा. शेजारच्या साधनाबाईला चटणीसाठी पेरू हवा असला की ती भिंतीवरून मान काढून विचारते, “अंजनाबाई, पहिल्या समेटाले पेरू लागले का जी?”

“लागले ना. समेट तेवढा नाई लागला,” अंजना शिलाई मशीनवरून न उठता सांगते, आणि तिचा पाय पुन्हा चालू होतो.

बालाघाटच्या त्या गल्लीतल्या निम्म्या साड्यांचे फॉल आणि शाळेचे बहुतेक गणवेश अंजनाच्या मशीनखालून जातात. माहेर तुमसरकडचं. बोलणं तोंडावर, पण राग मनात राहत नाही. तिचा नवरा महेंद्र मात्र मनातही राहत नाही आणि घरातही. तो किरनापुरला भावाकडे राहतो.

महेंद्र वाईट माणूस नव्हे, हे आधी सांगितलं पाहिजे. वाईट असता तर अंजनाचं काम लवकर झालं असतं. तो लग्नांत आणि सत्कारांत माईक धरतो. किरनापुरपासून लांजीपर्यंत आणि इकडे परसवाड्यापर्यंत, स्टेज सजलं की त्यावर चकाकत्या कोटातला महेंद्र असायचाच. एक कोट जांभळा, एक मोरपंखी, एक असा की त्याच्याकडे पाहताना डोळ्यांवर हात धरावा लागे. नवरीच्या पाठवणीला तो असा रडायचा की नवरीचा बाप स्वतःचं रडणं विसरून त्यालाच पाणी द्यायला धावायचा. लोक खास त्यासाठी त्याला बोलवत. दुसऱ्यांची घरं मांडून देण्यात त्याचा इतका जीव जाई की स्वतःच्या घरासाठी काही उरतच नसे. पैसाही नाही. पैसा कोटात जाई.

अंजनाला कोटाचं काही नव्हतं. तिला मयुरीचं होतं. मयुरी त्यांची एकुलती एक लेक, सहावीत. तिला फळ्यावरचं दिसेनासं झालं होतं. बाजूच्या मुलीच्या वहीतून उतरवायची आणि तिच्या चुकाही इमानानं उतरवायची. डॉक्टरांनी चष्मा सांगितला होता. चष्मा एक वेळ अंजनानं पोटाला चिमटा घेऊन केला असता, पण पुढे शाळा होती, पुस्तकं होती, दर पावसाळ्यात आखूड होणारा गणवेश होता. “बापानं दर महिन्याले पोरीचा खर्च द्यावा, आन् ते कागदावर यावं,” एवढंच तिचं मागणं. त्यासाठी ती सुलह केंद्रात जाऊ लागली.

सुलह केंद्र हे सरकारी, दोन खोल्यांचं. नवराबायकोचं भांडण कोर्टात जाण्याआधी तिथं समजावून सांगतात. वरच्या कार्यालयाला तिथून दर महिन्याला एकच गोष्ट कळवायची असते, घरं किती जोडली. जोडलेलं घर टिकलं का, हे वरून कोणी विचारत नाही, म्हणून खालूनही कोणी सांगत नाही. घर जोडलं की दोघांच्या गळ्यात हार, हातात एक रोप, मागे बॅनर आणि फोटो. तुमचा संसार या रोपासारखा वाढो, अशी त्यामागची कल्पना.

केंद्राच्या प्रमुख प्रमोदिनी मॅडम. तीन पिढ्या सरकारी नोकरीत असलेल्या घरातल्या, निवृत्त मुख्याध्यापिका. त्यांना दोनच गोष्टींचं वेड, झाडं आणि समेट. कोणाचं घटस्फोटाचं ऐकलं की त्यांना रात्रभर झोप लागत नसे आणि कोणाच्या कुंडीतलं रोप वाळलेलं दिसलं की दोन रात्री.

त्यांचा बाबू दुलीचंद. फोटो काढणं आणि रोप आणणं त्याच्याकडे. माणूस तत्पर. इतका, की नवराबायको अजून एकमेकांचे आईबाप काढत असतानाच तो दारातून विचारायचा, “मॅडम, पौधा ले आऊँ?”

पहिल्या वेळी अंजनानं आपलं म्हणणं मांडलं. मग महेंद्रची पाळी आली. तो उठला, दोन्ही हात जोडले, माईक नव्हता तरी आवाज तसाच लावला आणि रडला. प्रमोदिनी मॅडम रडल्या. दुलीचंद रडत रडत पेरूचं रोप घेऊन आला. अंजना तेवढी कोरडी राहिली, म्हणून सगळ्यांनी तिच्याकडे जरा नाराजीनंच पाहिलं.

“अगं अंजना, माणूस पाघळलाय. आता खर्चबिर्च काय काढतेस? घरी ने त्याला,” मॅडम म्हणाल्या.

तिनं नेलं. तो रात्रीचं जेवण होईपर्यंत थांबला. दुसऱ्या समेटाला तुळशीचं लग्न लागेपर्यंत राहिला, कारण तोपर्यंत लग्नं नव्हती. तिसऱ्या समेटाला तो घरापर्यंत आलाच नाही. बसस्टँडवर त्यानं आपला हार काढून तिच्या हातात दिला आणि म्हणाला, “हे धर, मोटर सुटून राह्यली.” दोन हार आणि सीताफळ घेऊन ती घरी आली. हार तिनं भिंतीवरच्या बाबासाहेबांच्या फोटोला घातले. या सगळ्यात योग्य जागी गेलेली वस्तू तेवढीच.

चौथ्या खेपेला ती ठरवूनच गेली. “मॅडम, समेट नको. खर्च पाह्यजे. नाई तर मले कोर्टाचा कागद करून द्या.”

“कोर्ट!” मॅडमनी छातीवर हात ठेवला. “अगं, घर मोडेल.”

“घर कुठं हाय जी? तो किरनापुरले, मी इथं. मंधात तीन झाडं.”

तेवढ्यात महेंद्र मोरपंखी कोटात आला, रडला, आणि दुलीचंदनं दारातून कलमी आंबा आत सरकवला. अंजनाला आंब्याच्या मागे उभं करून फोटो निघालासुद्धा. फोटोत तिचा चेहरा दिसत नाही, नुसती पानं दिसतात. वरच्या कार्यालयाला तो फोटो फार आवडला म्हणे.

आता ही गोष्ट इथं संपली असती, आणि गल्लीला सहाव्या-सातव्या समेटापर्यंत वाट पाहावी लागली असती. पण त्या उन्हाळ्यात वरून एक नवाच आदेश आला. वाटलेली रोपं जगली की नाही, ते प्रत्यक्ष घरी जाऊन बघा आणि फोटो पाठवा.

प्रमोदिनी मॅडम आणि दुलीचंद जीपनं अंजनाच्या दारात उतरले. मॅडमनी पेरूच्या खोडावरून हात फिरवला आणि त्यांचे डोळे भरून आले. सीताफळाला त्यांनी “शहाणं गं बाई” म्हटलं. मग त्या आवळ्यापाशी आल्या आणि किंचाळल्या. आवळ्याचा शेंडा शेजारच्या बकरीनं खाल्ला होता.

“याची ही दशा? अंजना, केंद्रानं विश्वासानं दिलेलं रोप! याला कुंपण नाही, खत नाही. कोणी बघतं की नाही याच्याकडे?”

मयुरी आवळ्याची फांदी धरून शेजारीच उभी होती. डोळे बारीक करून मॅडमचा चेहरा शोधत होती. मॅडम खाली वाकल्या, मुळाशी बोट खुपसून ओल पाहिली, दुलीचंदला फोटो काढायला लावला. मयुरीला म्हणाल्या, “बाळ, जरा बाजूला हो, सावली पडतेय.”

अंजना दारात उभी राहून हे बघत होती. ती इतकी वर्षं ज्या दयेच्या शोधात केंद्राच्या पायऱ्या चढत होती, ती दया इथं उकिडवी बसून आवळ्याला गोंजारत होती. मग तिनं पदर खोचला.

“मॅडम, मी एकटीनं किती जगवू जी? रोप तुम्ही दोघाईले देल्लं ना? फोटोत त्याचाबी हात हाय. मंग त्यानं नको पाहाले?”

प्रमोदिनी मॅडम उठल्या. हा विचार त्यांना कधी शिवलाच नव्हता. “दुलीचंद, रोप दोघांच्या नावावर दिलं होतं ना आपण?”

“हाँ मॅडम, संयुक्त.”

“मग तो कुठे आहे? चार-चार रोपं टाकून हा माणूस बसतो कसा निवांत? बोलवा त्याला!”

याआधी मयुरीच्या खर्चासाठी महेंद्रला केंद्राच्या जेवढ्या चिठ्ठ्या गेल्या, त्यांतल्या बऱ्याच ‘पत्त्यावर आढळला नाही’ म्हणून परत आल्या होत्या. त्या प्रत्येक दिवशी तो किरनापुरात कुठल्या ना कुठल्या स्टेजवर आढळत होता, भोंग्यातून. या वेळी मात्र दुलीचंदनं स्वतः मोटरसायकल काढली आणि भर रिसेप्शनमध्ये स्टेजवर चढून महेंद्रच्या हातात कागद ठेवला. महेंद्रला वाटलं, कोणाचा तरी आहेर जाहीर करायचा आहे. त्यानं माईकवर वाचायला सुरुवात केली, “आपल्याला कळविण्यात येते, की आपल्या नावे असलेल्या चार झाडांच्या दुरवस्थेबाबत...” आणि सगळा मांडव वळून बघू लागला.

आता हा जिल्हा जंगलाचा. इथं माणूस पोलिसांशी हुज्जत घालतो, तहसीलदाराला ऐकवतो, पण झाडाची भानगड म्हटली की जंगल खात्याच्या भीतीनं घरातल्या जळाऊ फाट्यांवरही गोधडी टाकतो. महेंद्रचा दोस्त पवन डीजेची गाडी चालवायचा. त्यानं गाणं बंद केलं आणि महेंद्रला स्पीकरच्या मागे ओढलं.

“चार झाडं? अबे, कोनती झाडं तोडली तू?”

“म्या नाई तोडली! सरकारनंच देल्ली होती.”

“सरकारी झाडं हायेत मने!” पवननं कपाळाला हात लावला. “माह्या मामानं सागाची एक फांदी आनली, तं गाडीबी गेली आन् मामाबी गेला. तुह्याकडं गाडी नाई, तं काय नेतीन? तुलेच नेतीन. आन् कोट.”

कोट हा शब्द महेंद्रला लागला. दुसऱ्या दिवशी केंद्र उघडायच्या आधी तो पायरीवर बसला होता. साध्या शर्टात.

“मॅडम, मी झाडाले हातबी नाई लावला,” तो म्हणाला.

“तेच तर!” मॅडम कडाडल्या. “हात लावला नाही, म्हणूनच ही वेळ आली!”

महेंद्रला काही कळेना. तोडलं तरी गुन्हा, नाही तोडलं तरी गुन्हा. कायदा फारच कडक झाला असावा, असं समजून त्यानं आपलं हुकमी शस्त्र काढलं. हात जोडले, खालचा ओठ थरथरला.

“रडू नका,” मॅडम म्हणाल्या. “तुमच्या रडण्यानं आवळ्याला पालवी फुटणार आहे का?”

महेंद्र थबकला. असं त्याच्या कारकिर्दीत कधी झालं नव्हतं.

मग कागद सुरू झाला. झाडांना कुंपण लागेल, खत लागेल. मॅडम बोलत होत्या, दुलीचंद लिहीत होता, महेंद्र प्रत्येक वाक्याला मान हलवत होता. शेवटी मॅडम म्हणाल्या, “आणि रोजचं पाणी?”

मॅडमनी बोलावून घेतलेली अंजना बाकावरून पुढे सरकली. “पानी मयुरी घालते जी. शाळेतून आली का आधी झाडं, मंग जेवन. तिची मजुरी नको का लिहाले?”

“लिहायलाच हवी. फुकट कोणी का राबावं?”

“दर महिन्याले.”

“दर महिन्याला,” मॅडम म्हणाल्या. दुलीचंदनं लिहिलं.

“आन् तिले दिसत नाई, मॅडम. आंधळ्या पोरीनं पानी घातलं तं अर्धं दगडावर जाते. चष्मा लागन.”

“चष्मा! अगं, आधी का नाही सांगितलंस?” मॅडम हळहळल्या. अंजनानं हे चार वेळा सांगितलं होतं, पण तेव्हा पाण्याचा संबंध नव्हता. “लिहा, चष्मा वडिलांकडून. तातडीनं.”

महेंद्रनं घाबरत विचारलं, “पन हे कवापर्यंत, मॅडम?”

“झाडं स्वतःच्या पायावर उभी राहीपर्यंत.”

“म्हंजे पोरगी उभी राहीपर्यंतच लिवा जी,” अंजना म्हणाली. “दोन्हीले सारखाच टाइम लागते.”

मॅडमना हे फार काव्यमय वाटलं. महेंद्रला जंगल खात्यापेक्षा स्वस्त वाटलं. त्यानं सही केली. अंजना तो कागद घेऊन तशीच फुकट कायदेशीर मदत देणाऱ्या वकीलबाईंकडे गेली. वकीलबाईंनी वाचला, पुन्हा वाचला, पदर तोंडाला लावून हसल्या आणि म्हणाल्या, “अहो, हा तर पोरीच्या खर्चाचाच कबुलीनामा आहे, फक्त वर झाडं लावली आहेत.” मग त्यांनी झाडं खाली घेतली, पोरगी वर घेतली आणि लोक अदालतीत दोघांसमोर वाचून त्यावर न्यायाधीशांची मोहोर उठवली. तेव्हा कुठे महेंद्रला कळलं की केस जंगलाची नव्हती. पण एव्हाना सगळ्या किरनापुरात त्याचं ‘सरकारी झाडवाला’ असं नाव पडलं होतं, आणि पैसे चुकवले असते तर त्यात आणखी काय जोडलं गेलं असतं, कोण जाणे.

सही झाल्यावर दुलीचंदनं सवयीनं दारातून विचारलं होतं, “मॅडम, पौधा ले आऊँ?”

मॅडम अंजनाकडे बघत राहिल्या. महेंद्र मानेनं ‘नको नको’ म्हणत होता.

“आना ना,” अंजना म्हणाली होती. “आन् हेबी त्याच्याच नावावर लिवा.”

ते पाचवं झाड जांभळाचं. आता महेंद्र महिन्यातून एका रविवारी येतो, कारण बाप झाडांजवळ उभा असलेला फोटो केंद्राला लागतो. पैसे अंजनाच्या हातात देतो, आणि दुलीचंदनं मोबाइल वर केला की सवयीनं रुमाल काढून डोळे टिपतो. पहिल्या रविवारी मयुरी नवा चष्मा लावून दारात बसली होती. तिला एकदम सगळं दिसत होतं, पेरूच्या शेंड्यावरचा पोपट, भिंतीवरून डोकावणाऱ्या साधनाबाईच्या नाकातली चमकी, आणि अंगणाच्या त्या टोकाला उभा असलेला बाप.

“आई,” ती हळूच म्हणाली, “पापा की आँख में पानी तो हैच नाई.”

अंजनानं दोरा ओठांत ओला करून सुईत ओवला.

“माईत हाय मले. बादली भरून दे त्याले. म्हन, आवळ्याले घाल.”