आईचे मिटलेले ओठ

भुताखेतांच्या गप्पा सुरू झाल्या की मी उठून आत जाते. जन्मभर शाळेत विज्ञान शिकवलं, असल्या गोष्टींवर कधी विश्वास ठेवला नाही. तरी हे लिहितेय... कारण मी तिथे होते.

स्वातंत्र्याला आठ-दहा वर्षं झाली असतील. अलिबागला बाबांचा फोटो स्टुडिओ होता. त्याआधी ते मुंबईत मूकपटांचे कॅमेरामन, आणि आई त्यांच्याच एका चित्रपटाची नायिका. बोलपट आले आणि दोघांचंही काम गेलं. पुढे आई पोटदुखीने वारली. मी तेव्हा पुण्याला शिकत होते. "डॉक्टर बोलावला होता, पण उशीर झाला," असं बाबा सगळ्यांना सांगत.

आईच्या वर्षश्राद्धाला किहीमहून मावशी आली. लहानपणी तापात तिचे कान गेले होते. समोरच्याचे ओठ बघून तिला सगळं समजायचं. दुपारी जेवणं झाल्यावर बाबांनी स्टुडिओचे काळे पडदे ओढले आणि जपून ठेवलेलं एकच रीळ प्रोजेक्टरवर चढवलं.

"हा क्लोजअप बघ," हँडल फिरवत ते मला म्हणाले. "अर्धा चेहरा अंधारात ठेवलाय. तिला बजावलं होतं, ओठ हलता कामा नयेत. सगळं डोळ्यांतून आलं पाहिजे."

पडद्यावर आई... लग्नाआधीची. डोळे भरलेले, ओठ घट्ट मिटलेले. तेवढ्यात मावशीने माझं मनगट धरलं.

"डागदर बोलवा म्हनतेय ती," मावशी बाबांकडे बघत म्हणाली. "सकालपासून सांगतेय म्हनते... पन तुमी स्टुडिओ सोडून जायाला तयार न्हाय."

बाबांचा हात थांबला. दिव्यासमोर अडकलेली फिल्म भडकन पेटली. आम्ही कसेबसे बाहेर पडलो. रीळ जळून गेलं.

अंगणात मी विचारलं, "बाबा, डॉक्टर बोलावला होता ना?"

"त्या बहिरीचं काय ऐकतेस," ते म्हणाले — माझ्याकडे न बघता.

मी तडक आमच्या नेहमीच्या डॉक्टरांकडे गेले. "मला बोलवायला कुणी आलंच नाही, पोरी," ते म्हणाले. "ती गेल्याचं मला दुसऱ्या दिवशी बाजारात कळलं."

त्याच संध्याकाळी मावशीला घेऊन मी किहीमला गेले. बाबांशी पुन्हा बोलले नाही. ते वारले तेव्हाही गेले नाही.

आई गेली तेव्हा मावशी किहीमला होती. तिला हे कळणार कुठून? आणि ते दृश्य तर कितीतरी वर्षं आधी घेतलेलं... मला आजही उत्तर सापडलेलं नाही.

एकदा मी मावशीला विचारलं, "आईचे ओठ खरंच हलले होते?"

तिने चमकून माझ्याकडे बघितलं.

"म्हंजे... तुला न्हाय दिसलं?"