दोनशे चाळीस रेघा

ही वही कोणाच्या हाती लागलीच तर आधी माफी मागते. माझं शिक्षण चौथीपर्यंतचं. ऱ्हस्व-दीर्घ मला अजून कळत नाही, आणि अक्षर असं की मी लिहिलेलं मलाच दुसऱ्या दिवशी लागत नाही. कोयत्याने मासळी कापणाऱ्या हाताला पेन सरळ धरता येत नाही. पण बोलण्यापेक्षा लिहिणं मला बरं वाटतं. चार माणसांत बोलायचं म्हटलं की मला पळ काढावासा वाटतो. इथे समोर कोणी बघत बसलेलं नसतं.

वहीच्या पहिल्या दोन पानांवर नुसत्या रेघा दिसतील. घराचं कर्ज मंजूर झालं त्या दिवशी मी त्या मारल्या. एका ओळीत बारा, अशा वीस ओळी. दोनशे चाळीस हप्ते, म्हणून दोनशे चाळीस रेघा. पाच तारखेला हप्ता कापल्याचा मेसेज आला की एक रेघ खोडायची.

कर्ज अकरा लाखांचं. हप्ता नऊ हजार पाचशे शेचाळीस. घराच्या किमतीतले वरचे पैसे आम्ही दोघांनी साठवलेले होते. घर बोईसरला, तिसऱ्या मजल्यावर. त्याआधी आम्ही भाड्याने राहायचो आणि सात वर्षांत तीन वेळा खोली बदलली. कारण एकच, माझ्या धंद्याचा वास. माझं माहेर घिवलीचं. उन्हाळ्यात तिकडून वाळवलेले बोंबील, जवळा, मांदेली आणायची, घरात डबे आणि पोती भरून ठेवायची आणि पावसात होड्या बंद असल्या की बाजारात विकायची, हा माझा धंदा. प्रत्येक घरमालक खोली देताना सुकट मागून घ्यायचा आणि दोन वर्षांनी नाक मुरडून खोली खाली करायला सांगायचा. शेवटच्या वेळी तर भर पावसात पोती टेम्पोत घालून आम्ही दोघं दिवसभर खोली शोधत फिरलो होतो. स्वतःचं घर मला हवं होतं ते एवढ्यासाठी, की वासावरून कोणी उठ म्हणू नये.

आमचे हे तारापूरच्या एका कंपनीत बॉयलरवर कामाला. कर्ज घेतलं तेव्हा सदतीस वर्षांचे होते. कंपनी अठ्ठावन्नला घरी पाठवते. वीस वर्षं म्हणजे सत्तावन्न. एक वर्ष हातात राहत होतं. त्या एका वर्षाच्या भरवशावर मी शांत झोपायची.

आता माझी चूक लिहिते. ती आजवर कोणाला नीट सांगितलेली नाही.

पावसाचा धंदा संपला की वीस-पंचवीस हजार हातात यायचे. गणपती झाले की मी ते त्याच बँकेत, माझ्या बचत खात्यात नेऊन भरायची. मला वाटायचं, ज्यांचं देणं आहे त्यांच्याकडेच पैसे ठेवतेय, म्हणजे तेवढं देणं कमी होतंय. माझ्या बापाचं तसंच चालायचं. होडीसाठी मासळीच्या व्यापाऱ्याकडून उचल घ्यायची आणि हंगामात चार पैसे उरले की त्याच्याकडेच ठेवायचे. व्यापाऱ्याच्या एकाच वहीत दोन्ही लिहिलेलं असायचं. नारळी पुनवेआधी हिशेब व्हायचा तेव्हा घेतलेल्यातून ठेवलेले वजा व्हायचे आणि उरलेलं तो तोंडी सांगायचा. बाप मान हलवून घरी यायचा. हिशेबात प्रश्न विचारले तर व्यापाऱ्याला चोर म्हटल्यासारखं होतं, हे मी तिथेच शिकले. म्हणून बँकेतही मी कधी काही विचारलं नाही. घरी इंग्रजीतली पत्रं यायची. त्यावर बँकेचा शिक्का असायचा, म्हणून जपून ठेवायची. जवळ्याच्या डब्याखाली पिशवीत.

चौऱ्याऐंशी रेघा खोडून झाल्या. सात ओळी पुऱ्या. त्या वर्षी बचत खात्यात एक लाख बावन्न हजार झाले होते. मनात आलं, या पैशांच्या बदल्यात किती रेघा खोडायच्या ते एकदा विचारून घ्यावं. मी मनाशी सोळा धरल्या होत्या.

विचारायचं ठरवलं खरं, पण दोनदा टोकन घेऊन परत आले. माझा नंबर लागला की पाय दाराकडे वळायचे. बाजारात माझ्या शेजारी ओली मासळी घेऊन बसणारी एक बाई आहे, माझ्याहून दहा वर्षांनी मोठी. तिला मी ताय म्हणते. तिने विचारलं, "काय गो, झाला काय काम?"

"नाय गो ताय. गर्दी होती."

"गर्दी? आनी तितं काय देवूल हाय काय? तुजी जीभ पन बोंबलासंगती सुकत टाकलीस वाटतं. जा, तुजी पाटी मी बघतंय. न विचारता आलीस त तुजं सगलं सुकट फुकट वाटून टाकीन."

ती तसं करणारी होती, म्हणून गेले.

कर्जाच्या टेबलावर एक मुलगी होती, पंचविशीची, मराठी बोलणारी. मी वाटेभर घोकलेलं वाक्य खाली बघूनच म्हटलं, "माझे इथे ठेवलेले पैसे धरून आता किती हप्ते राहिले?"

"ठेवलेले म्हणजे कुठे ठेवलेत, मावशी?"

मी पासबुक पुढे केलं. तिने ते पाहिलं, मग कॉम्प्युटरवर पाहिलं, मग माझ्याकडे पाहिलं.

"मावशी, हे बचत खातं. ते कर्ज खातं. दोन्ही वेगळी. यातलं त्यात आपोआप जात नाही."

"पण बँक तर हीच ना?"

"बँक हीच. पण तुम्ही अर्ज दिल्याशिवाय आम्ही पैसे वळवत नाही." तिने पडदा माझ्याकडे फिरवला. "तुमचे हप्ते राहिलेत दोनशे तीन."

मला वाटलं तिने दुसऱ्या कोणाचं खातं उघडलं. मी पिशवीतून ही वही काढली आणि रेघा दाखवल्या. ती हसली नाही, याबद्दल मी तिची कायम ऋणी आहे. पेन्सिल घेऊन तिने मोजल्या.

"चौऱ्याऐंशी भरलेत हे बरोबर आहे. पण मध्ये व्याजाचा दर वाढला. हप्ता तेवढाच ठेवला आणि मुदत वाढवली. पत्रं पाठवली होती की तुम्हाला."

पत्रं. जवळ्याच्या डब्याखाली.

"आजवर आठ लाख दोन हजार भरलेत तुम्ही. मुद्दल कमी झालंय एक लाख सदतीस हजार. बाकी व्याजात गेलं."

ती समजावत होती की सुरुवातीच्या हप्त्यात व्याजच जास्त असतं. पहिल्या महिन्यात साडेनऊ हजारांतून पावणेआठ हजार व्याज गेलं, मुद्दलात पडले सतराशे-अठराशे. हे मला चटकन समजलं, तिला वाटलं त्यापेक्षा लवकर. दहा किलो ओले बोंबील दोरीवर घातले की वाळून दीड-दोन किलो उरतात. बाकी सगळं पाणी. गिऱ्हाईक कमी भाव मागायचं तेव्हा मी हेच सांगायची. सात वर्षं मी दर महिन्याला ओलं वजन मोजत होते आणि घरी येऊन सुक्याची रेघ खोडत होते.

बाहेर आले आणि वय मोजलं. दोनशे तीन हप्ते म्हणजे जवळजवळ सतरा वर्षं. आमचे हे तेव्हा चव्वेचाळीसचे. एकसष्टपर्यंत हप्ते आणि अठ्ठावन्नला पगार बंद. मधल्या तीन वर्षांचं काय? हप्ते थकले तर बँक घर घेणार. साठीच्या म्हाताऱ्यांना, सुकटाच्या पोत्यांसकट, कोण खोली देणार? बाजारात येऊन बसले तर गिऱ्हाइकाने विचारलेला भाव ऐकूच आला नाही. ताय म्हणाली, "काय झाला? कोन काय बोलला काय?" मी म्हटलं, "नाय. मीच बोलले." त्या दिवशी मी दोन गिऱ्हाइकांना सुटे पैसे जास्त दिले.

आठवडाभर घरात सांगितलं नाही. जेवण जात नव्हतं. शेवटी यांनीच विचारलं, "तब्येत बरी नाय काय? का माज्यावर राग हाय?" तेव्हा सगळं सांगून टाकलं. वही पुढे ठेवली. त्यांनी रेघांची एक एक ओळ बोटाने मोजली.

"म्हंजे मी रिटायर झाल्यावर पन भरायचं?"

"तीन वर्सं."

"आनी तू सात वर्सं पैशे भलत्याच खात्यात टाकत होतीस."

"हां."

मला वाटलं ओरडतील. ते म्हणाले, "मी त सही केली तवा कागद पन उलटून बघला नाय. तू निदान रेघा तरी मारल्यास."

पण पैसे वळवायला ते तयार नव्हते. "एक लाख बावन्न हजार एकदम देऊन टाकायचे? उद्या कंपनी बंद पडली त खायाचं काय?"

"सुकट हाय ना."

"तुजं सुकट खाऊन हप्ता जाईल काय?"

त्यांचं चुकत नव्हतं. मलाही तीच भीती होती. एकीकडे म्हातारपणी घर जाण्याची भीती, दुसरीकडे उद्या हात रिकामा होण्याची. चार दिवस आमचा हाच वाद. शेवटी दोन हप्त्यांपुरते बावीस हजार राखायचे आणि एक लाख तीस हजार कर्जात भरायचे, असं ठरलं.

दोघं मिळून बँकेत गेलो. त्या मुलीने विचारलं, "हप्ता कमी करायचा की मुदत?"

आमचे हे चटकन "हप्ता" म्हणायला निघाले. मी त्यांच्या पायावर पाय दिला. अनोळखी माणसासमोर नवऱ्याच्या आधी बोलले ती माझी पहिलीच वेळ. "मुदत."

तिने बटणं दाबली. दोनशे तीनचे एकशे एकोणपन्नास झाले. चोपन्न हप्ते एका कागदाने गेले. एक लाख तीस हजारांनी पाच लाखांच्या वरचे हप्ते वाचले. मला आनंद व्हायला हवा होता. पण माझ्या डोक्यात एकच, हे पैसे दर वर्षीच्या दर वर्षी कर्जात पडले असते तर? त्याचा हिशेब मी तिला करायला सांगितला नाही. आजही केलेला नाही. तिनेच मग सांगितलं की नव्या लोकांना दर कमी आहे, अर्ज आणि थोडी फी भरली तर आम्हालाही लागू होईल. तेही केलं. न विचारता ते कोणी सांगायला आलं नसतं.

त्यानंतर मी धंदा वाढवला. शुक्रवारी बोईसर, मंगळवारी वाणगाव. गणपती झाले की चाळीस हजार, कधी पस्तीस, थेट कर्ज खात्यात, अर्ज लिहून. अर्ज मीच लिहायची. "मुदत कमी करावी" एवढं वाक्य माझं सुवाच्य येतं. दर वेळी कागद हातात घेऊन राहिलेले हप्ते बघायची, आणि तरी रात्री वाटायचं की दर पुन्हा वाढला असेल, आणि पत्र माझ्यापर्यंत पोचलं नसेल.

लॉकडाऊनमध्ये कंपनी बंद झाली. पगार अर्धा. तेव्हा बँकेचा मेसेज आला की तीन महिने हप्ता नाही भरला तरी चालेल. बिल्डिंगमध्ये सगळे खूश. खालच्या मजल्यावरचा कामगार जिन्यातून ओरडला, "भाभी, तीन महीना टेन्शन खतम!" आमचे हेसुद्धा म्हणाले, "सरकारच थांबा बोलतंय, तुला कसली घाई?"

बँकेबाहेर खडूने गोल काढले होते. त्यातल्या एका गोलात तासभर उभी राहिले. आत टेबलावर आता एक साहेब होते. मी मास्कमधून एकच प्रश्न विचारला. "हप्ता थांबला तर व्याज थांबेल?"

"व्याज नाही थांबणार, ते वाढून शेवटी जोडलं जाईल."

मग हप्ता भरला. राखलेले बावीस हजार तेव्हा कामी आले, आणि डब्यातलं सुकट. बाजार बंद होता, म्हणून बिल्डिंगमधल्या बायकांनाच फोन करून विचारलं, सुकट पाहिजे का. फोनवर माझा आवाज एवढा बारीक की एकीला वाटलं लहान मुलगी बोलतेय. ज्यांनी आधी वासाची तक्रार केली होती त्यांनीच अर्धा-अर्धा किलो नेला.

या जानेवारीत एकशे बाहत्तरावी रेघ खोडली आणि उरलेली सगळी रक्कम घेऊन बँकेत गेलो. हे एक्कावन्नचे झालेत. अकरा लाखांच्या कर्जाला आम्ही वीस लाखांच्या वर भरले. न विचारता बसले असते तर दोनशे सत्त्याऐंशी हप्ते गेले असते, सत्तावीस लाख चाळीस हजार. हे आकडे मी यांच्यापुढे एकदाच वाचले. ते म्हणाले, "नको वाचू. जेवण उतरायचं नाय."

बँकेत घराचा मूळ करारनामा आणि एक पत्र मिळालं. पत्र इंग्रजीत. आधीची मी असते तर जवळ्याच्या डब्याखाली ठेवलं असतं. मी टेबलासमोर बसूनच राहिले आणि म्हटलं, "मराठीत वाचून दाखवा."

साहेबांनी वाचलं. या कर्ज खात्यावर आता काहीही देणं बाकी नाही. घरावरचा बँकेचा हक्क संपला.

"दर वाढला तर?"

"कर्जच नाही तर दर कशाला लागेल, मावशी?"

"परत एकदा वाचा," मी म्हटलं. त्यांनी परत वाचलं आणि पत्रावर शिक्का मारला. वहीत अडुसष्ट रेघा तशाच राहिल्या होत्या. मी त्या खोडल्या नाहीत. पत्रात बाकी शून्य लिहिलेल्या जागेवर बोट ठेवलं आणि शिक्का वाळेपर्यंत उचललं नाही.