बाईच्या कपड्यातला बाप्या

मस्कतमध्ये मी आठ वर्षं म्हातारी झालो. एरवी लोकांचे एसी दुरुस्त करायचे आणि डिसेंबर आला की इंग्रजांच्या क्लबात झगा घालून पडायचं. हीच माझी नटगिरी!

ओढवून घेतलं मीच. क्लबातला एसी बघायला गेलो, तेव्हा मॅडमची तालीम चालली होती. मॅडम इंग्लंडात जन्मभर विनोदी कामं करून आलेल्या. नाताळचं नाटक त्याच बसवतात. त्यातलं म्हातारीचं काम पुरुषानंच करायचं, हा त्यांचा रिवाज. हे ऐकलं आणि माझ्या अंगात बाबा संचारले. बाबांनी कोकणात, दशावतारात, तीस वर्षं राण्या केल्या. ते रडले की जत्रेतल्या बायका डोळ्यांना पदर लावायच्या. म्हटलं, मॅडम, हे तर आमच्या घरातलं काम!

महिनाभर दार्सैतच्या माझ्या भाड्याच्या खोलीत आरशासमोर चाल बसवली. मान, बोटं, लाजणं, सगळं बाबांचं. तालमीत उभा राहिलो आणि सगळे गप्प. मला वाटलं, जिंकलं! मॅडमनी बाजूला घेतलं. "फार सुंदर. पण तू बाईच वाटतोस. बाईच्या कपड्यातला बाप्या दिसला, तर लोक हसतील ना."

मग छातीत फुगे भरले. एक निसटायचा, त्याच्यामागे धावताना झगा सुटायचा, मी आपटायचो आणि टाळ्या. च्यायला, काय टाळ्या! घरी येऊन स्वतःची किळस यायची, आणि तरी पुढच्या डिसेंबरची वाट बघायचो.

बाबांना एवढंच सांगितलं होतं, की इथे मी स्त्रीपार्ट करतो. तेवढ्यावर ते गावभर मिरवत. यंदा कुणीतरी व्हिडिओ नेटवर टाकला आणि वहिनीने तो त्यांना दाखवला.

दोन दिवस फोन करायची माझी छाती झाली नाही. शेवटी त्यांचाच आला. मी शिव्या खायच्या तयारीत होतो. पण त्यांना तो सगळा अपघातच वाटला होता.

"झिला, तुझो वेष सुटलो. खेळात असा होता कधीमधी. लोक हसले म्हणान वाईट वाटून घेव नको."

बाबा पुढे म्हणाले,

"फुडच्या वर्सा माका थंय बोलाव. मी बांधून देतंय, घट."

पुढच्या वर्षी झगा तीनदा सोडायचा, असं मॅडमशी माझं आदल्याच दिवशी ठरलं होतं. मी "होय बाबा" म्हटलं. दुसरं काय म्हणणार?